तळटीप : आर्चीचा मित्र स्टीव्ह

* ‘बारमधला तो प्रसंग’ – उल्लेख ‘ऑल इन द फॅमिली’ या अमेरिकन विनोदी मालिकेचा आहे. नॉर्मन लिअर यांची ही मालिका सीबीएस वाहिनीवर जानेवारी 1971 मध्ये सुरू झाली आणि पुढच्याच महिन्यात हा भाग दाखवला गेला. जावयाचा मित्र रॉजर जरा नाजूक बोलतो, एवढ्यावरून मालिकेचा नायक आर्ची बंकर त्याची टर उडवतो. रॉजर समलिंगी नसतोच. समलिंगी असतो तो आर्चीचा बारमधला दोस्त स्टीव्ह : धिप्पाड, एकेकाळचा व्यावसायिक फुटबॉलपटू. दोघे पंजा लढवायला बसतात आणि आपण समलिंगी असल्याचं आर्चीचा जावई सांगतो ते खरं आहे, असं स्टीव्ह शांतपणे कबूल करतो. आर्चीचा विश्वासच बसत नाही. इतक्या वर्षांत मी कधी एखाद्या बाईविषयी बोललो का, असं स्टीव्ह त्याला विचारतो. प्रेक्षक हसतात ते आर्चीच्या गोंधळाला. स्टीव्हची मान ताठ राहते. समलिंगी पात्र म्हणजे लचकत चालणारा हसण्याचा विषय, हा विनोदी मालिकांतला सोपा मार्ग पुढेही कितीतरी वर्षं वापरला गेला. म्हणून या छोट्या प्रसंगाचं मोल मला फार वाटतं. राष्ट्राध्यक्ष निक्सन मात्र संतापले होते. मालिका समलैंगिकतेचं उदात्तीकरण करते, ही त्यांची तक्रार मे 1971 च्या व्हाइट हाउसमधल्या ध्वनिफितीत ऐकायला मिळते. अमेरिकन मानसोपचारतज्ज्ञांच्या संघटनेने समलैंगिकता मनोविकारांच्या यादीतून काढली ती त्यानंतर, डिसेंबर 1973 मध्ये. – संपादक