दिव्यांगांच्या योजना आणि जनहित याचिका: न्यायालयात कधी जाता येते?

पिंपळवंडी हे पुणे जिल्ह्याच्या जुन्नर तालुक्यातील गाव. इथल्या दिव्यांग व्यक्तीला योजनेचा लाभ घ्यायचा तर ग्रामपंचायत, जुन्नरचे तहसील कार्यालय, पंचायत समिती आणि प्रमाणपत्रासाठी सरकारी रुग्णालय, इतके उंबरे झिजवावे लागतात. कायद्याने दिलेला हक्क या वाटेत अडला तर काय करायचे? जनहित याचिका हा त्यावरचा एक उपाय आहे, पण पहिला नव्हे.

कायद्याने काय मिळते?

दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, २०१६ हा कायदा १९ एप्रिल २०१७ पासून लागू झाला. १९९५ च्या जुन्या कायद्यात दिव्यांगत्वाचे ७ प्रकार होते, आता २१ आहेत. किमान ४० टक्के दिव्यांगत्व प्रमाणित झालेल्यांसाठी घरकुल आणि दारिद्र्य निर्मूलनाच्या योजनांत ५ टक्के आरक्षण आहे.

महाराष्ट्रात ग्रामपंचायतीने स्वतःच्या उत्पन्नातील ५ टक्के रक्कम दिव्यांगांसाठी खर्च करायची असते. म्हणजे पंचायतीचे स्वउत्पन्न २० लाख रुपये असेल, तर १ लाख रुपये दिव्यांगांचे. शिवाय संजय गांधी निराधार अनुदान योजना आहे. त्यातील दिव्यांगांचे मासिक अनुदान २०२५ मध्ये १,५०० वरून २,५०० रुपये करण्याचा निर्णय झाला.

जनहित याचिका म्हणजे काय?

एरवी ज्याचे नुकसान झाले, त्यानेच न्यायालयात जायचे असते. जनहित याचिकेत ही अट शिथिल होते. ज्यांना स्वतः न्यायालयापर्यंत पोहोचता येत नाही, त्यांच्यासाठी दुसरी व्यक्ती किंवा संस्था दाद मागू शकते. राज्यघटनेच्या कलम ३२ खाली सर्वोच्च न्यायालयात आणि कलम २२६ खाली उच्च न्यायालयात ती दाखल होते. पुणे जिल्ह्यासाठी हे न्यायालय मुंबईत आहे.

याचिकांनी काय घडले?

राजीव रतुरी या दृष्टिहीन याचिकाकर्त्याने २००५ मध्ये सर्वोच्च न्यायालयात धाव घेतली. इमारती, रस्ते आणि वाहतूक दिव्यांगांना वापरता यावी, ही त्यांची मागणी होती. १५ डिसेंबर २०१७ रोजी न्यायालयाने मुदती ठरवून निर्देश दिले. तरीही काम अपुरे राहिले. अखेर ८ नोव्हेंबर २०२४ रोजी न्यायालयाने सुगम्यतेचे निकष ऐच्छिक ठेवणारा नियम रद्द ठरवला आणि केंद्राला तीन महिन्यांत बंधनकारक निकष करण्यास सांगितले. खटला सुरू होऊन तोवर १९ वर्षे झाली होती.

मुंबईतील पदपथांवरच्या खांबांमुळे व्हीलचेअर नेता येत नाही, अशा आशयाच्या ई-मेलवरून मुंबई उच्च न्यायालयाने २०२३ मध्ये स्वतःहून जनहित याचिका दाखल करून घेतली. त्याच सुनावणीत २०२४ मध्ये दिव्यांगांसाठीचे राज्य सल्लागार मंडळ २०२० पासून कामच करत नसल्याचे समोर आले. न्यायालयाने ते कार्यान्वित करण्यास सरकारला सांगितले.

आधी काय करावे?

एकट्याचे अनुदान थकले, तर ती वैयक्तिक तक्रार ठरते. प्रश्न अनेकांचा असेल आणि यंत्रणाच नियम पाळत नसेल, तेव्हाच जनहित याचिकेला बळ येते. इतर मार्ग वापरले नसतील, तर न्यायालय आधी तिकडे जाण्यास सांगू शकते. हे मार्ग असे:

• ग्रामपंचायतीकडे लेखी अर्ज करून पोच घ्यावी आणि ग्रामसभेत ५ टक्के निधीचा हिशेब मागावा.
• माहिती अधिकारात १० रुपये शुल्क भरून खर्चाचा तपशील मागता येतो. उत्तराची मुदत ३० दिवसांची असते.
• राज्य दिव्यांग आयुक्तांकडे तक्रार करावी. त्यांना चौकशीसाठी दिवाणी न्यायालयाचे अधिकार आहेत. त्यांनी शिफारस केल्यास संबंधित कार्यालयाला तीन महिन्यांत कार्यवाही कळवावी लागते.
• तालुका विधी सेवा समितीकडे वकील मागावा. दिव्यांग व्यक्तीला उत्पन्नाची अट न लावता मोफत कायदेशीर मदत मिळते.

हीच कागदपत्रे पुढे याचिकेचा पुरावा होतात. न्यायालयाचा आदेश गावापर्यंत पोहोचायला वर्षे लागू शकतात. ग्रामसभेत हिशेब मात्र याच वर्षी मागता येतो.