दफ्तर आणि बोली : बिडकीनच्या परिसराचा भाषिक पूर्वेतिहास

छत्रपती संभाजीनगरहून पैठणकडे जाणाऱ्या मार्गावर, दोहोंच्या साधारण मध्यावर, बिडकीन हे पैठण तालुक्यातील मोठे गाव वसलेले आहे. राजधान्या त्याच्या दोन्ही अंगांना झाल्या. दक्षिणेस सातवाहनांचे प्रतिष्ठान म्हणजे पैठण, उत्तरेच्या बाजूस यादवांची देवगिरी आणि मोगलांचे औरंगाबाद. खुद्द बिडकीनच्या वाट्याला मात्र त्या राजधान्यांना धान्य पुरविणे, त्यांचा सारा भरणे आणि त्यांच्या फौजांना व यात्रेकरूंना वाट देणे एवढेच काम आले. राजधानीची भाषा ज्या ज्या वेळी पालटली त्या त्या वेळी या वाटेवरच्या गावांच्या दफ्तराची भाषाही पालटली. पण त्या वाटेने चालणाऱ्या माणसांच्या बोली त्या हुकमाने पालटल्या नाहीत. आपल्या देशातील देशी भाषांच्या वैविध्याचा विचार करताना अभ्यासकाची दृष्टी सहसा ईशान्येकडील डोंगरांकडे किंवा गडचिरोलीच्या अरण्याकडे वळते. परंतु वैविध्य जेथे राहते तेथेच ते नोंदले जाते असे नाही, आणि या दोहोंतील अंतर किती दीर्घकालीन असू शकते हे पाहावयाचे तर बिडकीनसारख्या सपाट, काळ्या मातीच्या मुलखाकडेच पाहावे लागते.

या अंतराची पहिली साक्ष एका दंतकथेत आहे, आणि ती कथा पैठणचीच आहे. सोमदेवाने अकराव्या शतकात रचलेल्या ‘कथासरित्सागरा’त असे सांगितले आहे की, सातवाहन राजाला आपल्या संस्कृतच्या अज्ञानाची राणीसमोर लाज वाटली, तेव्हा शर्ववर्मा नावाच्या पंडिताने त्याला सहा महिन्यांत व्याकरण शिकविण्याचा विडा उचलला, आणि हे घडलेच तर आपण संस्कृत, प्राकृत व देशी या तिन्ही भाषांचा त्याग करू, अशी प्रतिज्ञा त्याच दरबारातील गुणाढ्य या पंडिताने केली. शर्ववर्म्याने पण जिंकला. गुणाढ्य मौन धरून विंध्याच्या अरण्यात गेला, तेथील रहिवाशांची पैशाची भाषा शिकला आणि तिच्यात सात लक्ष श्लोकांची ‘बृहत्कथा’ त्याने लिहिली. ती राजापुढे ठेवली असता राजाने भाषेच्या हीनतेचे कारण देऊन ती झिडकारली, आणि ग्रंथातील सहा लक्ष श्लोक कवीने स्वतःच्या हाताने अग्नीत टाकले. कथेतील संख्या कथेच्याच होत. पण ‘बृहत्कथा’ मूळ भाषेत आज उपलब्ध नाही, तिचे संस्कृत अवतारच तेवढे उरले, ही गोष्ट खरी आहे. याच घराण्यातील हाल राजाच्या नावावर असलेली ‘गाथासप्तशती’ महाराष्ट्री प्राकृतात आहे आणि ती टिकली. राजसभेने जवळ केलेली लोकभाषा जगली आणि अरण्यातून आलेली लोकभाषा भाषांतराच्या आश्रयाने उरली, असा हा न्याय आहे.

पुढे मराठीचा उदय झाला तो याच गोदातटाच्या आधाराने. महानुभाव पंथाच्या चक्रधरांचा पैठणशी आलेला संबंध, आणि संस्कृतात ग्रंथरचना करू पाहणाऱ्या शिष्याला नागदेवाचार्यांनी केलेला निषेध, हे प्रसंग मराठीच्या अभिमान्यांना पाठ असतात. एकनाथांची (1533–1599) थोरवी मात्र याहून थोडी निराळी आहे. त्यांच्या भारुडांत जोशी, गारुडी, वाघ्या, कोल्हाटीण अशी फिरस्ती माणसे आपापल्या धंद्याच्या भाषेसह उभी राहतात, ‘हिंदू-तुर्क संवादा’त दोन धर्मांबरोबर दोन बोलीही एकमेकींशी वाद घालतात, आणि ‘अर्जदास्ता’त तर खुद्द फारसी मिश्रणाची कचेरीची भाषा परमार्थाच्या कामी जुंपलेली आहे. पैठणच्या घाटावर आणि पेठेत सोळाव्या शतकात कोण कोण बोलत होते, याची इतकी जिवंत नोंद सरकारी कागदांत शोधूनही सापडावयाची नाही. नाथांनी त्यांचा आवाज टिपला तो मराठी ऐकणाऱ्या श्रोत्यांसाठी. त्यामुळे त्या फिरस्त्यांच्या घरच्या बोली कशा होत्या, हे भारुडांतूनही कळत नाही.

मलिक अंबरने 1610 च्या सुमारास खडकी वसविली आणि पुढे औरंगजेबाच्या सुभेदारीत ती औरंगाबाद झाली, तेव्हा या रस्त्याचे महत्त्व वाढले. शहराच्या पेठांत आणि छावण्यांत दख्खनी रुजली. वली व सिराज हे तिचे कवी याच नगरीचे नाव लावून प्रसिद्धी पावले. पण छावणीला कवितेहून धान्याची निकड अधिक असते, आणि ते धान्य वाहत होते बंजारे. हजारो बैलांच्या पाठीवर धान्य आणि मीठ लादून, बायकामुलांसह चालणारे त्यांचे तांडे दख्खनच्या मोहिमांचा खरा कणा होते. त्यांची बोली, जिला ते गोरमाटी किंवा गोरबोली म्हणतात, कुळाने राजस्थानीच्या जवळची. परंतु शतकानुशतके तेलंगण, कर्नाटक आणि मराठवाडा तुडविल्यामुळे तिच्यावर तिन्ही प्रदेशांचे संस्कार झाले. विसाव्या शतकाच्या आरंभी मनमाडहून औरंगाबाद व जालन्यावरून हैदराबादकडे जाणारा लोहमार्ग सुरू झाला, बैलांवरची वाहतूक बसली, आणि फिरते तांडे गावांच्या शिवाराबाहेर स्थिर झाले. बिडकीनलगतचे बंगला तांडा आणि बन्नी तांडा हे त्याच प्रकारच्या वस्तीचे नाव आजही धारण करतात. तांड्यात नायक असतो, कारभारी असतो, भांडणतंटा मिटविणारी ‘नसाब’ बसते, आणि श्रावणात तीज व होळीला लेंगी गाइली जाते. हा सर्व व्यवहार ज्या बोलीत चालतो ती बोली, गावच्या पांढरीत राहणाऱ्यांच्या कानांवर रोज पडूनही, त्यांपैकी बहुतेकांना कधी शिकावीशी वाटली नाही. तांड्यातल्या माणसाला मात्र मराठी शिकण्यावाचून गत्यंतर नव्हते.

निजामी अमलात या परिसरातील भाषांची उतरंड अधिकच स्पष्ट झाली. 1884 पर्यंत राज्याची अधिकृत भाषा फारसी होती. त्या वर्षी तिची जागा उर्दूने घेतली. राज्यातील प्रजेपैकी सुमारे निम्मी तेलुगू बोलणारी, चतुर्थांशाच्या आसपास मराठी, त्याखालोखाल कानडी. तरी कचेरी, न्यायालय आणि उच्च शिक्षण यांची भाषा उर्दू राहिली, आणि 1918 साली सुरू झालेल्या उस्मानिया विद्यापीठाने तर सर्व शास्त्रे त्याच भाषेत शिकविण्याचा प्रयोग केला. मौलवी अब्दुल हक यांच्या काळात अंजुमन तरक्की-ए-उर्दूचे कार्य औरंगाबादेतूनच चालत असे. कोश, परिभाषा आणि जुन्या दख्खनी ग्रंथांचे संशोधन यांचे तेथे झालेले काम कोणत्याही भाषेने हेवा करावा असे आहे. त्या वेळी मराठी माणसाला आपल्या गावात आपली भाषा दुय्यम झाल्याचे शल्य होते, आणि ते रास्त होते. परंतु मराठीला निदान कुलकर्ण्याचे दफ्तर होते, मोडी लिपी होती, पोथ्या आणि कीर्तने होती. गोरमाटी, भिल्ली, वडारी, कैकाडी यांना यांपैकी काहीच नव्हते.

याच सुमारास देशातील भाषांची आजवरची सर्वांत भव्य मोजदाद चालू होती. जॉर्ज ग्रियर्सन यांची भाषिक पाहणी 1894 मध्ये सुरू झाली आणि 1928 च्या सुमारास पूर्ण झाली. बायबलातील उधळ्या पुत्राची गोष्ट ठिकठिकाणच्या बोलींत उतरवून घेणे आणि ठरावीक शब्दांची यादी भरून आणणे ही तिची पद्धत होती. तिच्या नवव्या खंडाचा तिसरा भाग, 1907 सालचा, भिल्ली, खानदेशी आणि बंजारी यांना वाहिलेला आहे. चौथ्या खंडात कैकाड्यांची बोली तमिळच्या आणि वडारांची बोली तेलुगूच्या पोटात दाखविली आहे; अकरावा खंड सर्वस्वी भटक्या जमातींच्या बोलींचा आहे. पण मद्रास इलाखा व ब्रह्मदेश यांबरोबरच हैदराबाद आणि म्हैसूर ही संस्थाने त्या पाहणीच्या कक्षेबाहेर राहिली. मालकी निजामाची असूनही अंमल इंग्रजांचा असल्याने वऱ्हाडची बोली ग्रंथात आली. अजिंठ्याच्या रांगेच्या दक्षिणेकडची, बिडकीन-पैठणची बोली आली नाही. एकाच तांड्याच्या भाऊबंदांपैकी ज्यांनी बैल वऱ्हाडात सोडले त्यांच्या बोलीचे व्याकरण छापले गेले, आणि ज्यांनी ते गोदाकाठी सोडले त्यांच्या बोलीविषयी पाहणी मूक राहिली, इतका हा सीमेचा प्रताप होता.

त्या काळी एखादा पाहणीदार या भागातल्या आठवडी बाजारात येऊन बसला असता तर त्याला काय ऐकू आले असते, याची कल्पना आजही करता येते, कारण ती माणसे अजून बाजारात येतात. विहिरीचे व दगडाचे काम घेणारा वडार मुकादमाशी मराठीत आणि आपल्या सोबत्यांशी तेलुगूच्या वळणाच्या बोलीत बोलतो. टोपल्या-कणग्या विकणारी कैकाडीण गिऱ्हाइकापुढे भाव मराठीत सांगते आणि किती खाली उतरावयाचे ते शेजारणीला दुसऱ्याच भाषेत विचारते. लोखंडाची अवजारे घडविणाऱ्या घिसाड्याच्या घरी गुजरातीच्या नात्याची बोली असते. अत्तार, कसाई, बागवान यांची दख्खनी मराठी क्रियापदे बिनदिक्कत उचलते. गुरांच्या बाजारात तर निराळाच प्रकार. दलाल रुमालाखाली दुसऱ्याचा हात धरतो, बोटे दाबून आकडा सांगतो, समोरचा बोटे दाबूनच तो कमी करतो, आणि भोवती उभ्या असलेल्या मंडळींना सौदा किती रुपयांवर तुटला याचा पत्ता लागत नाही. ही करपल्लवी मराठवाड्यातल्या कोणत्याही जातीच्या बैलवाल्याला समजते. इतक्या भाषा एका ठिकाणी जमल्या की माणसे सर्वांना समजणारी एक युक्ती शोधतात, पण त्यासाठी आपली भाषा सोडीत नाहीत. बाजाराचा हा सहजधर्म राज्यकर्त्यांना मात्र क्वचितच उमगला.

17 सप्टेंबर 1948 रोजी निजामी राजवट संपली. 1956 साली मराठवाडा द्विभाषिक मुंबई राज्यात आला, 1 मे 1960 रोजी महाराष्ट्र झाला, आणि 1964 च्या राजभाषा अधिनियमाने मराठी ही राज्यकारभाराची भाषा ठरली. उर्दू कचेरीत अर्ज घेऊन तिष्ठत उभ्या राहिलेल्या पिढीला याचे मोल सांगावयास नको. तथापि भाषावार प्रांतरचनेचे तत्त्व एका राज्याला एक भाषा देते, आणि ज्या भाषेला राज्य नाही तिला ते काहीच देत नाही. पूर्वी मराठी मुलाला उर्दू शाळेत जी अडचण सोसावी लागे तीच आता तांड्यातल्या मुलाला मराठी शाळेत सोसावी लागली. घरी ‘याडी’ म्हणणारे मूल पहिलीच्या वर्गात ‘आई’ हा धडा गिरवू लागले आणि त्याची मूळ भाषा अशुद्ध मराठी समजून दुरुस्त केली जाऊ लागली.

महाराष्ट्र हे एका भाषेचे राज्य होय, ही समजूत भाषाशास्त्राच्या कसोटीला उतरत नाही. मराठी, भिल्ली, अहिराणी व गोरमाटी या आर्यकुलातील. गोंडी आणि यवतमाळकडची कोलामी या द्राविडी. मेळघाटातील कोरकू मुंडा कुळातील. आणि बुलढाण्याच्या जळगाव-जामोद भागातील निहाली तर कोणत्याही ज्ञात कुळात न बसणारी. देशभराचा हिशेब मांडावयाचा तर 1961 च्या खानेसुमारीत 1652 मातृभाषांची नोंद झाली. 1971 पासून दहा हजारांहून कमी भाषक असलेल्या भाषा स्वतंत्रपणे छापणे बंद झाले, आणि निहालीसारखी भाषा त्या एका नियमाने कोष्टकातून नाहीशी झाली. 2011 मध्ये लोकांनी आपल्या भाषांची 19,569 नावे सांगितली. छाननीअंती त्यांतून 1,369 मातृभाषा ठरल्या आणि शेवटी 121 भाषा शीर्षस्थानी उरल्या. लमाणी-लंबाडी, म्हणजे बंजाऱ्यांचीच बोली, सांगणारे 32 लाखांहून अधिक लोक तेथे हिंदीच्या खात्यात जमा आहेत. एक कोटीहून अधिक भाषक असलेली भिल्ली आठव्या अनुसूचीत नाही. 24,821 जणांनी मातृभाषा म्हणून सांगितलेली संस्कृत आहे. संस्कृतला तो मान असावा याविषयी दुमत नाही. मानाची कसोटी संख्या नव्हे एवढेच यावरून दिसते. बंजारा समाजाची तर आणखी निराळी कथा : तेलंगणात तो अनुसूचित जमातीत, कर्नाटकात अनुसूचित जातीत आणि महाराष्ट्रात विमुक्त जातींत गणला जातो, आणि त्याची एकच बोली तीन राज्यांत तीन लिप्यांत लिहिली जाते.

गणेश देवी यांच्या पुढाकाराने झालेल्या लोकसर्वेक्षणाने 780 भाषांची नोंद घेतली, आणि ग्रियर्सनच्या पाहणीतून सुटलेल्या संस्थानी मुलखालाही त्यात स्थान मिळाले, ही समाधानाची गोष्ट होय. मात्र दरम्यान बिडकीन स्वतःच पालटत आहे. दिल्ली-मुंबई औद्योगिक मार्गिकेच्या योजनेत येथील व भोवतालच्या तांड्यांची जमीन औद्योगिक वसाहतीसाठी संपादन झाली; सातबाऱ्यावरची नावे बदलली, रस्ते आखले गेले, आणि दूरच्या प्रांतांतील कामगारांच्या बोली या परिसरात ऐकू येऊ लागल्या. छावणीसाठी धान्य वाहणाऱ्यांची भाषा जशी येथे येऊन स्थिरावली तशीच यांतलीही एखादी स्थिरावेल. भाषांच्या येण्याने या मुलखाचे कधी नुकसान झालेले नाही.

नुकसान झाले ते नोंदणाऱ्याच्या सोयीने. खानेसुमारीच्या व्याख्येनुसार मातृभाषा म्हणजे आईने बालपणी मुलाशी बोललेली भाषा, आणि या व्याख्येत कोठेही खोट नाही. पुढील गणनेसाठी 1 मार्च 2027 ही संदर्भतिथी ठरली आहे. त्या वेळी गणक तांड्यात येईल तेव्हा उत्तर देणाऱ्याने संकोच न धरता ‘गोरमाटी’ असे सांगावे, हे त्याचे कर्तव्य. परंतु हे सांगितलेले नाव कोष्टकात त्याच नावाने उरेल याची हमी तांडा देऊ शकत नाही. ती दफ्तराने द्यावयाची आहे. शाळेत पहिल्या दोन-तीन इयत्तांना त्या बोलीची जाण असलेला शिक्षक नेमणे, आणि गणनेत तिला तिचे स्वतंत्र घर ठेवणे, या दोन गोष्टींना नवा कायदा लागत नाही. उर्दूच्या दफ्तरात आपली भाषा शोधीत फिरलेल्या मराठवाड्याने त्यांचा आग्रह इतरांच्या आधी धरावा, कारण परक्या भाषेच्या कचेरीत उभे राहणे म्हणजे काय असते, हे त्याला कोणी समजावून द्यावे लागत नाही.