रोजगार हमी आणि १९८८ ची मजुरी

रोजगार हमीचं मूळ सांगलीत आहे, हे मला बराच काळ माहीतच नव्हतं! वि. स. पागे तासगाव तालुक्यातल्या विसापूरचे. साठच्या दशकात प्रयोग तिथेच झाला, १९७२ च्या दुष्काळात योजना राज्यभर गेली, १९७७ मध्ये कायदा झाला. मागेल त्याला काम, पण मजुरी बेताची. म्हणून खडी फोडायला खरा गरजूच यायचा.

१९८८ मध्ये शेतमजुरांचं किमान वेतन जवळजवळ दुप्पट झालं, त्याबरोबर रोहयोची मजुरीही. आणि कामाचे दिवस घटले! मार्टिन रॅव्हॅलियन आणि सहकाऱ्यांनी १९९३ मध्ये आकडे तपासून दाखवलं, की कामाची मागणी नव्हे, कामंच कमी पडत होती.

मग वाढ चुकली का? मला नाही वाटत. पण दराबरोबर तिजोरीही मोकळी करायला हवी होती. नाहीतर माण-आटपाडीतली बाई जुन्या मजुरीलाही मुकते.