मेस्त्रीची नजर

बाबुराव पेंटर यांचे नाव निघाले की 'सावकारी पाश' (१९२५) बाजूला काढून ठेवायची आपल्याकडे रीत आहे. पौराणिक-ऐतिहासिक मूकपटांच्या रांगेत हा एकच वास्तव चित्रपट, जणू वाट चुकून आलेला. मला हे पटत नाही. 'सैरंध्री'तला कीचक आणि 'सावकारी पाश'मधला जमीन गमावून शहरातल्या गिरणीकडे जाणारा शेतकरी एकाच नजरेने पाहिलेले आहेत, आणि ती नजर बाबुरावांच्या, म्हणजे कोल्हापुरातल्या मेस्त्रींच्या घरात घडली होती.

बाबुरावांचा जन्म १८९० सालचा. घरात सुतारकाम आणि कोरीवकाम पिढीजात. ते आणि त्यांचे भाऊ लागणारे आनंदराव नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवीत, आणि त्यावरूनच 'पेंटर' हे नाव चिकटले. फाळक्यांच्या चित्रपटाने दोघांना वेड लावले. १९१६ मध्ये आनंदराव गेले, तरी बाबुरावांनी विष्णुपंत दामल्यांच्या मदतीने कॅमेरा स्वतःच्या हाताने पुरा केला. तानीबाई कागलकरांनी भांडवल दिले आणि महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली. ज्याने आयुष्यभर पडदे रंगवले, त्याला पडद्याचे दुबळेपण इतरांपेक्षा नेमके ठाऊक असणार: रंगवलेल्या आकाशापुढे नट उभा राहिला की त्याची सावली आकाशावर पडते. नाट्यगृहात प्रेक्षक हे चालवून घेतो, कॅमेरा घेत नाही. म्हणून बाबुरावांनी सपाट पडद्याऐवजी खोली असलेले, घन सेट उभारले आणि प्रसंगांची रेखाटने आधी कागदावर काढली. 'सिंहगड'साठी (१९२३) तर कृत्रिम प्रकाश वापरला. रंगभूमीवर पुरुषच स्त्रीभूमिका गाजवत होते, त्या दिवसांत 'सैरंध्री'मध्ये (१९२०) त्यांनी स्त्रियांनाच उभे केले. त्याच चित्रपटातला कीचकवध इतका अंगावर येणारा होता की सेन्सॉरने तो कापायला लावला. कथा महाभारतातली, पण वध खराखुरा वाटत होता. लोकमान्य टिळकांनी 'सिनेमा केसरी' ही पदवी दिली ती याच चित्रपटानंतर.

मूळ 'सावकारी पाश' आज उपलब्धच नाही, मग एवढ्या ठामपणे कसे बोलायचे, असे कोणी विचारील. प्रश्न रास्त आहे. पण पाहणाऱ्यांच्या मनात काय उरले, हाही पुरावाच असतो. रात्रीच्या अंधारातली मोडकळीला आलेली झोपडी आणि तिच्यापाशी रडणारे कुत्रे हे दृश्य जे. बी. एच. वाडियांच्या स्मरणात कित्येक वर्षे टिकून होते. तिथे घटना जवळजवळ काहीच नाही. आहे तो फक्त प्रकाश आणि जागा, म्हणजे पडदे रंगवणाऱ्याची खरी मिळकत. दुसरा पुरावा शिष्यांचा. दामले, फत्तेलाल, शांताराम आणि धायबर १९२९ मध्ये बाहेर पडले आणि त्यांनी 'प्रभात' उभी केली. दामले-फत्तेलालांच्या 'संत तुकाराम'मधले (१९३६) देहूचे घर पाहताना मला तरी कोल्हापूरची तालीम दिसते. मोठेपण शिष्यांचेच, गुरूचे नव्हे, असा आक्षेप यावर येतो. शिष्य गुरूच्या पुढे गेले हे मी मान्य करतो. सावकाराच्या तावडीतला तो तरुण शेतकरी शांतारामांनीच साकारला होता. परंतु त्या पिढीला सुतारकाम, प्रकाश आणि अभिनय हे एकच काम आहे असे शिकवणारी जागा बाबुरावांची कंपनीच होती.

मग 'सावकारी पाश' हा अपघात होता का? तो प्रदर्शित झाल्यावर बाबुराव पुन्हा जुन्या विषयांकडे वळले, हा त्या बाजूचा सर्वांत जोरकस मुद्दा. त्याला उत्तर बाबुरावांनी स्वतःच दिले आहे. कंपनी हातची गेल्यावर, बोलपटाच्या काळात, १९३६ साली शालिनी सिनेटोनमध्ये त्यांनी हीच कथा पुन्हा चित्रित केली. अकरा वर्षे उलटली, तरी तो शेतकरी त्यांच्या मनातून गेला नव्हता.