सिलांडर : एका विस्मरणाची कारणे

अल्पायुषी कलावंताचे चरित्र लिहिताना त्याच्या शेवटाच्या उजेडातच सारे आयुष्य वाचण्याचा मोह होतो. डॅनिश मूकपटांतील नट व्हाल्डेमार सिलांडर याच्या वाट्याला हेच आले.

१८८४ साली कोपनहेगनमध्ये जन्मलेला हा रंगभूमीवरचा नट १९१० साली ऑस्कर वाइल्डच्या कादंबरीवरील चित्रपटात डोरियन ग्रे झाला. १९११ साली तो ओले ओल्सेनच्या 'नॉर्डिस्क' कंपनीत आला आणि ऑगस्ट ब्लोमच्या 'वेद फेंग्स्लेट्स पोर्ट' (तुरुंगाच्या दारापाशी) या चित्रपटातील कर्जबाजारी उमराव तरुणाच्या भूमिकेने प्रसिद्धीस पोचला. पुढच्या सहा वर्षांत त्याने ऐंशीहून अधिक चित्रपट केले. त्या काळी डॅनिश दिग्दर्शक प्रसंगाचे फारसे तुकडे न पाडता तो सलग चित्रित करीत. त्यामुळे प्रसंगाचा भार नटाच्या देहावर पडे. सिलांडरने तो हातवाऱ्यांपेक्षा संयमाने पेलला.

मूकपटाला भाषेची सीमा नव्हती. मधल्या पाट्या बदलल्या की कोपनहेगनचा चित्रपट बर्लिनचा किंवा मॉस्कोचा होई. नटाचे नावही बदले; रशियात सिलांडर 'गॅरिसन' म्हणून ओळखला जाई. लहान भाषेतल्या कलावंताला एवढा मोठा प्रेक्षकवर्ग लाभण्याचा हा दुर्मिळ काळ होता.

१९१६ साली नॉर्डिस्क सोडून त्याने स्वतःची कंपनी काढण्याचे ठरवले. ६ मार्च १९१७ रोजी, वयाच्या अवघ्या बत्तिसाव्या वर्षी, तो कोपनहेगनमध्ये मरण पावला. कारण हृदयविकाराचे सांगितले गेले. आत्महत्येच्या वावड्या मात्र थांबल्या नाहीत. ए. डब्ल्यू. सांडबेर्गचा 'क्लोव्हनेन' (विदूषक) त्याच्या मृत्यूनंतर पडद्यावर आला. पत्नीने सोडून दिलेल्या विदूषकाची ती शोकांतिका लोकांनी साहजिकच नटाच्या आयुष्याशी जोडली.

पण मृत्यू हे विस्मरणाचे कारण नव्हे. शिल्लक असलेले त्याचे चित्रपट त्यानंतरही काही वर्षे प्रदर्शित होत राहिले. कोसळला तो बाजार. सिलांडर गेला त्यानंतर दोनच दिवसांनी पेत्रोग्रादमध्ये क्रांतीला तोंड फुटले आणि रशियाची पेठ विस्कटली. त्याच वर्षअखेरीस जर्मनीत 'उफा' स्थापन होऊन नॉर्डिस्कचा तिथला कारभार तिच्या हाती गेला. युद्धानंतर युरोपचे पडदे हॉलिवूडने व्यापले. 'क्लोव्हनेन'चीही १९२६ साली सांडबेर्गनेच नवी आवृत्ती काढली. तिच्यात विदूषक झाला तो स्वीडिश नट यॉस्टा एकमन.

साहित्येतिहासातही आपण पुष्कळदा हेच करतो. लेखक विसरला गेला की त्याच्या दैवाची गोष्ट सांगतो. त्याला वाचकांपर्यंत पोचवणारी व्यवस्था कशी मोडली हे पाहत नाही. दैवाची कथा हृद्य असते खरी, पण तिच्यामुळे कृती वाचण्याची जबाबदारी टळते. सिलांडरचे काही चित्रपट आज डॅनिश फिल्म इन्स्टिट्यूटने जतन केलेले आहेत. त्याच्या मृत्यूचे गूढ बाजूला ठेवून ते पाहिले, तर एक कसबी नट दिसतो. आणि इतिहासाचे काम तिथून सुरू व्हायला हवे.