भूक घालवणारं बी

आमच्या घरात गोष्टीतल्या अमृताला फारसा मान नव्हता. समुद्रमंथन आलं की आज्जी ते दोन वाक्यांत उरकायची. "काय करायचं त्ये आमृत पिऊन? मराण न्हाई म्हंजी रोज भाकरी आलीच की. ती कुनी द्यायची?" माणदेशातल्या म्हातारीचा हा हिशेब. देवांकडेही त्याला उत्तर नसावं. द्रौपदीची थाळी मात्र ती तब्येतीत सांगायची. सूर्यानं दिलेली तांब्याची थाळी, द्रौपदी जेवेपर्यंत न सरणारी. मग अवेळी टपकलेले दुर्वास, आणि थाळीला चिकटलेलं भाजीचं पान खाऊन कृष्णानं दिलेला ढेकर. ते पान मेथीचं की चाकवताचं, हे दर खेपेला बदलायचं. त्या दिवशी चुलीवर जी भाजी असेल ती.

पण तिचा खरा जीव आघाड्याच्या गोष्टीत.

मंगळागौरीच्या नि गणपतीच्या पत्रीत मानानं बसणारा आघाडा एरवी बांधावरचं तण. त्याचा तुरा सरळ वर जातो आणि एकेक बी खाली तोंड करून बसतं. जवळून गेलात की धोतराला, पदराला, शेळीच्या केसांना धरून घरी येतं. ऋषिपंचमीला आज्जी आघाड्याच्याच काडीनं दात घासायची, बैलाच्या कष्टाचं काही खायची नाही, आणि अळू-भोपळ्याची ऋषीची भाजी रटरटत असताना गोष्ट लावायची. ऋषी तपाला बसायचे ना, त्याच्या आधी आघाड्याच्या बियांची खीर खायचे. मग भूक म्हणून लागायची नाही. किती दिवस? "आठ रोज." लहर असली तर "म्हैनाभर."

एकदा आम्ही फारच पिच्छा पुरवला, तेव्हा तिनं वाळलेला तुरा तळहातांत चोळून दाखवला. टोकदार टरफलं काही केल्या सुटेनात. ती चोळायची, फुंकर मारायची, पुन्हा चोळायची. बऱ्याच वेळानं तपकिरी दाणे उरले, नखावर मावतील एवढे. मी तोंडात टाकायला गेलो तर हातावर चापट बसली. "ह्ये खायाचं नसतंय. ठावं असावं लागतंय."

ठाऊक का असावं लागतं, त्याचीही एक घरगुती हकीकत होती. १८७६-७७ च्या दुष्काळात म्हणे तिच्या आजेसासूच्या दारी एक बैरागी आला आणि ती खीर करायला शिकवून गेला. घरातली पोरं सात दिवस रडली नाहीत. थोरले चुलते सात नाही, पाच म्हणायचे. आत्याच्या मते बैरागी नव्हे, फकीर होता. आता यातलं कुणीच उरलेलं नाही, त्यामुळे मी दोघांनाही ठेवून घेतलंय. चुलती मात्र चुलीपुढून न वळता म्हणायची, "खिरीला दूध नि गूळ कुठनं आला? त्यो असता तर आघाडा कशाला लागला असता?" आज्जी यावर काही बोलायची नाही. गोष्ट सांगणाऱ्यानं सगळ्याच प्रश्नांना उत्तर द्यायला तो काही कोर्टात उभा नसतो.

पुढे त्या दुष्काळाबद्दल वाचलं आणि त्या गोष्टीकडे वेगळ्या नजरेनं बघायला लागलो. १८७७ च्या सुरुवातीला सर रिचर्ड टेंपल नावाच्या साहेबानं दुष्काळी कामावरच्या गड्याचं धान्य दिवसाला एका पौंडावर आणून ठेवलं. म्हणजे अर्धा किलोसुद्धा नाही, आणि तेवढ्यावर माती वाहायची. पुण्याच्या सार्वजनिक सभेनं सरकारकडे तक्रारी केल्या, आणि ठिकठिकाणी माणसांनी इतक्यावर राबायला नकार दिला. आमचा बैरागी आणि हा साहेब एकाच गोष्टीच्या मागे होते म्हणायचे, माणूस किती कमी खाऊन उभा राहतो. फरक इतकाच, की बैराग्याच्या खिरीनं पोरं गप झोपली, निदान आमच्या घरच्या म्हणण्याप्रमाणे.

गंमत म्हणजे आज्जीचं बी अगदीच हवेतलं नव्हतं. चरकसंहितेच्या सूत्रस्थानातल्या दुसऱ्या अध्यायाचं नावच मुळी 'अपामार्गतण्डुलीय'. अपामार्ग म्हणजे आपला आघाडा. त्यात नाना तऱ्हेच्या पेजा सांगितल्यात, आणि त्यातली एक भूक मारणारी. आघाड्याचे दाणे, दूध आणि घोरपडीच्या मांसाचा रस. हे वाचलं तेव्हा मी मोठ्यानं हसलो. आज्जी माळकरी होती! बैराग्यानं घोरपड सांगितली असेल आणि घरातल्या बायकांनी पिढ्यान्‌पिढ्या ती गुपचूप गाळली असेल, असा माझा आपला तर्क.

बहात्तरच्या दुष्काळात ती होती. पिंजऱ्यासारखी वाळलेली, पण कान तिखट. चुलती खडी फोडायला जायची. रेशनला अमेरिकेहून आलेली तांबडी मिलो मिळायची. तिची भाकरी थापताना कडा तुटायच्या आणि चुलती अमेरिकेला अस्सल माणदेशी शिव्या घालायची. कामावर सुकडी वाटायचे, गूळ घातलेलं भाजकं पीठ. आपल्या वाटणीतली मूठभर ती पदराच्या गाठीत बांधून आणायची. आधी आम्हा पोरांच्या हातावर, मग उरलेली सासूपुढे.

त्या वर्षी बांधावर आघाडाही धड उगवला नव्हता. खिरीचं नाव कुणी काढलं नाही. आज्जीनं सुकडी बोटानं कालवली, पाण्याचा थेंब टाकून गोळी केली, दात नसलेल्या तोंडात बराच वेळ घोळवली.

"ग्वाड हाय," ती म्हणाली. "पर सकाळच्याला परत भूक लागती."

"लागू द्या," चुलती म्हणाली. "सकाळच्याला परत आनीन."