‘नांदायला ये’ची नोटीस

 

‘संमती’ हा शब्द सोलापूरकराला शिकवावा लागत नाही. दरवर्षी संक्रांतीच्या सुमारास गड्ड्याची जत्रा भरते, पांढऱ्या बाराबंदीतली मंडळी सात नंदीध्वज घेऊन संमती कट्ट्यापाशी येतात, संमती वाचली जाते आणि अक्षता पडतात. कथा तुम्हाला पाठ आहे. एका कुंभारकन्येचं मन सिद्धरामेश्वरांवर बसलं. ते योगी. लग्न करणार नाही म्हणाले. ती हटेना. शेवटी त्यांच्या योगदंडाशी तिचं लग्न लागलं. दुसऱ्या दिवशी होम पेटतो, तो तिच्या अग्निप्रवेशाचा, असं जुनी माणसं सांगतात.

ही श्रद्धेची गोष्ट आहे, तिला आम्ही हात लावणार नाही. पण एक गोष्ट ऐकताना लक्षात येते. इथे ‘नाही’ म्हणणारे सिद्धरामेश्वर होते, आणि त्यांच्या ‘नाही’चा मान राहिला. आज आम्ही सांगणार आहोत ती हकिगत ‘नाही’ म्हणणाऱ्या एका बाईची आहे. तिला तुरुंग दाखवला गेला.

रखमाबाईंचा जन्म १८६४ सालचा, मुंबईतला, सुतार समाजातला. वडील जनार्दन पांडुरंग त्या लहान असतानाच वारले. आई जयंतीबाईंनी डॉ. सखाराम अर्जुन यांच्याशी दुसरं लग्न केलं. त्यांच्या समाजात विधवेचा पाट लागत असे, म्हणून हे जमलं. वयाच्या अकराव्या वर्षी रखमाबाईंचं लग्न दादाजी भिकाजी यांच्याशी लावलं. तो विशीच्या उंबरठ्यावरचा मुलगा. घरजावई म्हणून राहावं, शिकावं, असं ठरलेलं. शिकणं झालं नाही. दादाजी मामाकडे जाऊन राहिले, तब्येत ढासळली. इकडे रखमाबाई सावत्र वडिलांच्या घरी, त्यांच्या पुस्तकांत वाढत होत्या. त्या नांदायला कधी गेल्याच नाहीत.

१८८४ साली दादाजींनी वकिलाची नोटीस पाठवली आणि मग दावा लावला: माझी बायको मला द्या.

इथे जरा थांबू. ‘नांदणे’ हा शब्द मुळात किती गोड आहे. सुखानं राहणं, भरभराटीनं राहणं. घरात लक्ष्मी नांदते म्हणतो आपण. पण बाईच्या बाबतीत तो शब्द हळूच हुकूम होतो. ‘नांदते का?’ असा प्रश्न पुरुषाबद्दल कुणी विचारत नाही. आणि मग दुसरी बाजू येते, ‘ह्याची बायको नांदत नाही.’ हा टोमणा पुरुषाला मारलेला असतो. बायको घरात नाही म्हणजे हा कमी पुरुष, ह्याला बायको ताब्यात ठेवता येईना. आमच्या पेठांमध्ये हे आजही ऐकू येतं. ताबा का सुटत नाही, याचं अर्धं उत्तर या टोमण्यात आहे असं आमचं मत आहे. माणूस बायकोसाठी कोर्टात जातो तेव्हा पुष्कळदा तो गल्लीसाठी गेलेला असतो.

दादाजींच्या मनात नेमकं काय होतं ते त्यांनाच ठाऊक. रखमाबाईंच्या बाजूनं कोर्टात मांडलं गेलं की ते पोसू शकत नाहीत, प्रकृती बरी नाही, मामाच्या हुकमात आहेत. पण सगळ्यांत खळबळ माजवणारी गोष्ट वेगळी होती. अजाण वयात, मला न विचारता झालेलं हे लग्न, आणि हा माणूस माझ्या मनाला येत नाही. मारलं असतं तर लोकांनी कीव केली असती. दारू प्यायला असता तरी केली असती. पण ‘मला पसंत नाही’ हे कुठल्या खात्यात बसवायचं?

श्रावणातल्या कहाण्या आठवा. आटपाट नगर, राजा, एक आवडती राणी आणि एक नावडती. आवडनिवड सगळी राजाची. नावडती गोठ्यात राहील, व्रत करील, देव प्रसन्न होईल आणि ती आवडती होईल. राणीला राजा आवडतो का, ही कहाणी कुणी सांगितलीच नाही. समाजशास्त्रात याला आता नाव आहे. आर्ली हॉकशील्ड या अमेरिकन बाईंनी १९८३ साली विमानातल्या हवाईसुंदरींवर पुस्तक लिहिलं. हसण्याचे पैसे मिळतात, म्हणजे भावना सांभाळणं हेही कामच, असं त्यांनी दाखवलं. आमच्या आज्या ‘मर्जी सांभाळणे’ म्हणत. पगार नव्हता एवढाच फरक. घरात राग पुरुषाचा आणि रुसवा बाईचा, हेही त्याच हिशेबातलं.

तर खटला. २१ सप्टेंबर १८८५ रोजी न्यायमूर्ती पिन्हे यांनी दावा फेटाळला. लहानपणी लग्न झालेल्या, नवऱ्याबरोबर कधीही न राहिलेल्या स्त्रीला तिच्या मनाविरुद्ध त्याच्या घरी धाडणं क्रूरपणाचं आहे, असा त्यांचा रोख होता. त्या काळात ‘टाइम्स ऑफ इंडिया’त ‘एक हिंदू स्त्री’ या टोपणनावानं बालविवाहावर पत्रं येत होती. ती रखमाबाईंचीच होती. दादाजींनी अपील केलं. १८८६ साली प्रकरण पुन्हा ऐकायला परत पाठवलं गेलं, आणि ४ मार्च १८८७ रोजी न्यायमूर्ती फॅरन यांनी निकाल दिला: महिन्याभरात नवऱ्याकडे जा, नाहीतर सहा महिने कैद. रखमाबाईंनी कळवलं की त्या कैद पत्करतील.

गंमत पाहा, गंमत कसली म्हणा. लोक म्हणत होते हा आपला धर्म बुडतोय. ‘केसरी’नं दादाजींची बाजू उचलून धरली. पण बायकोला कोर्टाच्या हुकमानं नांदायला पाठवायची ही तरतूद मुळात इंग्लंडच्या चर्चच्या कायद्यातली. आपल्या धर्मशास्त्रात बायकोनं कसं वागावं हे भरपूर आहे, पण न गेल्यास सरकारनं तुरुंगात टाकावं हे नाही. आणि खुद्द इंग्लंडनं असल्या दाव्यातली कैद १८८४ सालीच बंद केली होती. म्हणजे साहेबानं टाकून दिलेलं हत्यार आपल्याकडच्या धर्माभिमान्यांनी धर्म म्हणून उचललं.

कैद झाली नाही. जुलै १८८८ मध्ये तडजोड झाली, दादाजींना २००० रुपये देण्यात आले आणि त्यांनी हक्क सोडला. रखमाबाई १८८९ साली लंडनला वैद्यकी शिकायला गेल्या, १८९४ साली ब्रुसेल्सची एम.डी. घेतली. परत येऊन सुरतेला आणि पुढे राजकोटला बायकांच्या दवाखान्यात वर्षानुवर्षं काम केलं. मुलींच्या लग्नसंबंधाचं वय दहावरून बारा करणारा संमतिवयाचा कायदा १८९१ साली आला, त्यामागे या खटल्यानं उठलेलं वादळही होतं. बारा वर्षं! पण तेवढ्यावरही केवढं रण माजलं होतं.

एक गोष्ट मात्र आम्हाला सुटत नाही. १९०४ साली दादाजी वारले, आणि रखमाबाई विधवेची पांढरी साडी नेसू लागल्या. ज्या लग्नाला त्यांनी कधी लग्न मानलं नाही, त्याचं वैधव्य मात्र पत्करलं. का? आमच्या बैठकीत यावर खूप बोलणं झालं. कुणी म्हणालं, काम करायचं तर समाजात राहावं लागतं. कुणी म्हणालं, पांढऱ्या साडीतल्या डॉक्टरणीकडे बोट दाखवायची कुणाची छाती नव्हती. एक मावशी म्हणाल्या, ‘अगं, एवढ्या वर्षांचा ओरखडा तो. कपाळावरून गेला तरी आतून जातो का?’ आम्ही कुणालाच खोडून काढलं नाही. कोर्टाशी भांडता येतं. ज्या रीतीत आपण वाढलो ती अंगात कुठवर भिनली आहे, हे बाईला स्वतःलाही सांगता येत नाही.

रखमाबाई २५ सप्टेंबर १९५५ ला गेल्या. त्याच वर्षी मे महिन्यात हिंदू विवाह कायदा अमलात आला होता, आणि त्याच्या कलम ९ मध्ये नांदायला येण्याचा दावा पुन्हा होताच. कैद १९२३ सालीच काढली गेली होती, मालमत्तेची जप्ती राहिली. आता हा दावा नवराही लावू शकतो, बायकोही. १९८३ साली आंध्र प्रदेश उच्च न्यायालयानं टी. सरिता खटल्यात हे कलम घटनाबाह्य ठरवलं. बाईच्या शरीरावर आणि मनावर हुकूम चालवता येत नाही, असं म्हटलं. १९८४ साली सर्वोच्च न्यायालयानं सरोज राणी खटल्यात ते कलम कायम ठेवलं. २०१९ साली त्याला आव्हान देणारी नवी याचिका सर्वोच्च न्यायालयात दाखल झाली.

आपल्याकडे ही नोटीस कधी येते ते पाहा. बाईनं पोटगी मागितली की पाठोपाठ ‘मी नांदवायला तयार आहे’ असा दावा येतो. माया दाटून आली म्हणून तो क्वचितच येतो. पोटगी टाळणं सोपं जावं, हा त्यातला हिशेब असतो. आणि हुकूम झाल्यावर एक वर्ष एकत्र राहणं झालं नाही तर तेच घटस्फोटाचं कारण होतं.

म्हणून हे नीट ऐका. १० जानेवारी २०२५ ला सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की नांदायला जाण्याचा हुकूम झाला असूनही बायको गेली नाही, तर केवळ तेवढ्यानं तिची पोटगी बुडत नाही. का गेली नाही, ते पाहावं लागेल. तेव्हा अशी नोटीस आली तर घाबरून ती चुलीत घालू नका आणि घाबरून बोचकंही बांधू नका. कागद जपून ठेवा, तारीख चुकवू नका. जिल्हा न्यायालयात विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय असतं. बाईला तिथे वकील मोफत मिळतो, उत्पन्नाचा दाखला लागत नाही. आणि वकिलाला सगळं सांगा. मारतो हे सांगाच, पण मन लागत नाही, भीती वाटते, हेही सांगा.